कडेला येणारं काळं

वाळूच्या कणाला इतका भिणारा माणूस कुवेतमध्ये दुसरा झाला नसेल. तिथल्या सलवा भागातल्या आमच्या शेजारणीचे हे सासरे. शेजारीण पुण्याची, सासरे जपानी; त्यांचं बोलणं तीच मला मराठीत सांगायची. मुलगा मीना अल-अहमदीच्या रिफायनरीत इंजिनियर. बायको गेल्यावर नव्वदच्या दशकाच्या शेवटी बुवा त्याच्याकडे राहायला आले. उभी हयात सिनेमाचा कॅमेरा चालवण्यात गेलेली, म्हणून डोळ्यांना फुलासारखं जपायचे. वारा सुटला की खिडक्यांच्या फटींना ओले टॉवेल, आणि कोपऱ्यावरच्या बकाल्यात, म्हणजे वाण्याकडे, खबूसची रोटी आणायला जाताना पोहण्याचा चष्मा. दुकानदार मला विचारायचा, "मॅडम, ये बाबा रोज तैरने जाते हैं क्या?"

"बाबांचं तारुण्य नायिकेच्या नाकापासून भिंगापर्यंत अंतर मोजायची फीत धरण्यात गेलं," सून सांगायची. मदतनिसाचे मुख्य कॅमेरामन झाले, काळंपांढरं गेलं, रंगीत आलं. ढग मनासारखा सरकेपर्यंत नटांसकट सगळ्यांना उपाशी बसवायचे. मग टीव्ही आला, स्टुडिओ बंद पडला. यांचं शूटिंग मात्र चालूच. जेवायला बोलावलं की आधी आमटीची वाटी सरकवायची, मग मला उजेडात बसवायचं. तोवर आमटी गार.

एका शुक्रवारी आमच्याकडे जेवायला आलेले असताना ते सारखे हात झटकू लागले. सून वैतागली होती. "ताई, कालपासून हेच. यांच्या फ्रेमच्या कडेला म्हणे कुणीतरी काळी छत्री धरून उभं आहे. खुर्ची सरकवून सरकवून फरशी झिजवली!" सगळे हसले. मी डोळ्यांच्या दवाखान्यात नर्स. माझी पोळी तव्यावरच राहिली.

"मान वळवली तरी काळं तिथंच असतं का, विचार."

तिथंच होतं, आणि सकाळपेक्षा वर चढलं होतं. डोळ्याचा आतला पडदा सुटत होता, आणि बुवा आयुष्यभराच्या सवयीने चूक खोलीत शोधत होते.

दवाखान्यात नेताना गाडीत त्यांनी माझं मनगट घट्ट धरलं. "अंधारात मी काय करू, असं विचारताहेत," सून रडत म्हणाली.

"आधी मान हलवू नका म्हणावं."

ऑपरेशन झालं. त्यानंतर पडदा चिकटेपर्यंत पालथं पडून राहायचं. उशीत तोंड खुपसून ते काहीतरी पुटपुटत, आणि कुणी खोलीबाहेर निघालं की घाबरून हाक मारत. पट्टी मीच सोडली.

"दिसतंय," ते म्हणाले. मग दाराकडे पाहतच राहिले.

"दार वाकडं आहे का, विचारताहेत," सून म्हणाली.

पडदा पुन्हा बसला तरी काहींना सरळ रेघा वाकड्या दिसतात, कधी कायमच्या. दार अगदी ओळंब्यात होतं. एरवी पेशंटशी मी खोटं बोलत नाही.

"सांग त्यांना, वाकडंच आहे. इथली बांधकामंच तशी."

त्यांनी बराच वेळ दार न्याहाळलं, मग खिडकी. शेवटी हळूच काही बोलले, आणि सुनेने डोळे पुसत मला सांगितलं, "म्हणताहेत, खिडकीही त्याच मिस्त्रीनं बसवलेली दिसते."