पोटगीची तारीख

हमरापूरच्या गणपतीच्या कारखान्यांसमोरून जाताना परवा टर्पेंटाइनचा वास आला आणि मी लहानपणी रोह्याच्या कोर्टात उभी होते ते आठवलं.

बाबा आम्हाला सोडून रोह्याला राहत, तिथल्याच कंपनीत होते. आई गणपती रंगवायची. त्या सकाळी तिने नखांतला रंग टर्पेंटाइनने घासघासून काढला होता. कोर्टात मला एका जागी उभं राहवत नव्हतं. दोघांपैकी कोणाकडे बघावं तेच कळेना.

बाबांचे वकील म्हणाले, "या बाई कमावतात. पोटगी कशाला?"

आई स्वतःच न्यायाधीशांसमोर पुढे झाली. "व्हय साहेब, रंगवते. गणपती गेले की काम नाय. पन पोर बारा महिने जेवते."

पोटगी मंजूर झाली. बाहेर आल्यावर बाबांनी मान खाली घालून मला विचारलं, "वडा खातेस गो?"

मी आईचा पदर घट्ट धरला. तिने तो सोडवला. "जा. बाप हाय तुजा."

बाबांबरोबर खाताना मी सारखी वळून बघत होते. आई रस्त्यापलीकडे एकटीच उभी होती. तिने मला पाठवलंच कसं, याचा तेव्हा राग आला होता. आज वाटतं, साहेबांपुढे बोलण्यापेक्षा तिला तेच जड गेलं असणार.