बारवेवरचे प्रमुख पाहुणे

समस्त ग्रामस्थ, पाव्हणेरावळे, भजनी मंडळ, तरुण मंडळ आणि पारावर बसून प्रत्येक गोष्टीला नावं ठेवणारे ज्येष्ठ नागरिक यांना अत्यंत गांभीर्याने कळवण्यात येते की, आपल्या शिवारातली वटवाघळं रोज दिवेलागणीला बारवेतून बाहेर पडतात. त्यासाठी कोणाच्या शुभहस्ते नारळ फोडण्याची आवश्यकता नाही. तरी सर्वांनी वेळेवर यावे, तोंड बंद ठेवावे आणि अत्तर लावून येऊ नये, ही नम्र विनंती.

हे निवेदन मी स्वतः लिहिलं होतं, आणि माइकवरून, इको लावून, तीनदा वाचायची तयारीही ठेवली होती. माझा धंदाच तो. मंडप, लायटिंग, लाउडस्पीकर. चौसाळ्याच्या आसपास लग्न असो, वास्तुशांत असो की सरपंचाचा वाढदिवस, आवाज माझा असतो. पण माझ्या मेहुणीनं निवेदन वाचलं, त्याची बारीक घडी घातली आणि पर्समध्ये टाकून दिली. "दाजी, आपण लोकांना वाघळं दाखवायला नेतोय. वाघळांना लोक दाखवायला न्हाई," एवढंच म्हणाली.

मेहुणी म्हणजे माझ्या बायकोची धाकटी बहीण. बीडला कॉलेजात प्राणिशास्त्र शिकवते आणि दर शनिवारी संध्याकाळी, ज्यांना यायचं असेल त्यांना घेऊन, आमच्या गावच्या जुन्या बारवेवर वटवाघळं दाखवायला जाते. पहिल्यांदा मी गेलो ते बायकोनं पाठवलं म्हणून. तिन्हीसांजेला तिची बहीण विहिरीच्या काठावर काय करते, हे बघून यायचं होतं.

वाघळांविषयी आमच्याकडं जेवढं ज्ञान आहे तेवढं सगळं मी सोबत घेतलं होतं. ते केसांत अडकलं की केस भादरल्याशिवाय सुटत नाही. घरात शिरलं की वाईट बातमी येते. तेव्हा मी डोक्याला उपरणं गच्च गुंडाळून, नाकाडोळ्यापुरता उघडा राहून, पायऱ्यांच्या वरच्या टोकाला बसलो. मेहुणी माझ्याकडं बघून हसली, पण नियमच न बोलण्याचा होता, त्यामुळं मी टोमण्यातून वाचलो.

सूर्य बुडाला. बारवेतून आधी उग्र वास वर आला. मग एक वाघूळ आलं, मुठीत मावेल एवढं, मागं उंदरासारखी लांब शेपटी. मग दोन-चार. मी म्हटलं, एवढ्यासाठी चहा सोडून आलो? आणि तेवढ्यात बारवेनं तोंड उघडलं. मळणीयंत्रातून भुसा उडावा तशी ती बाहेर फेकली जायला लागली, वळून, एकमेकांना न धडकता, माझ्या कानाशेजारून, माझ्या मांडीवरून. गालाला वारं लागत होतं, अंगाला एकही लागत नव्हतं. माझं उपरणं कधी सुटून खांद्यावर पडलं ते मला कळलंच नाही.

त्यात मेहुणीनं एक लहानसं यंत्र काढलं. वाघळं ओरडतात ते माणसाच्या कानाला ऐकू येत नाही, हे यंत्र ते ऐकू येईलसं करतं. बटण दाबलं आणि टक्‌टक्‌टक्‌टक्‌ असा पाऊस सुरू झाला. मधूनच ते टकटकणं घाईला यायचं आणि टर्रर्र करून संपायचं. ती माझ्या कानाशी कुजबुजली, "ते टर्रर्र झालं ना दाजी, तेव्हा एक किड्याचं पाखरू पोटात गेलं." मी आयुष्यभर आवाज विकला. माझ्या डोक्यावर रोज एवढा आरडाओरडा चालतो आणि मला त्यातलं अक्षर ऐकू येत नाही, हे कळल्यावर मला इतका आनंद झाला की मी उठून नाचणार होतो. तिनं सदऱ्याला धरून खाली बसवलं.

तेव्हापासून मी या फेरीचा बिनपगारी चोपदार. माझ्या गोडाऊनमधला लाल जिलेटीन कागद सगळ्यांच्या बॅटऱ्यांवर चढला, कारण तांबड्या उजेडाचा वाघळांना फारसा त्रास होत नाही. कडा गावाहून एक शिक्षक जोडपं यायला लागलं. दिंद्रुडचे एक किराणावाले सहकुटुंब आले, चिवड्याचं पुडकं घेऊन, आणि त्याचा कागद वाजतो म्हणून तासभर ते उघडू शकले नाहीत. गावातल्या बायका पदर डोक्यावरून ओढून यायच्या आणि जाताना पदर खांद्यावर असायचा. ज्या माणसाला बायकोसुद्धा गप्प करू शकली नाही तो मी, त्या काठावर निमूट बसायचो.

आणि मग बारवेशेजारी लोखंडी सळया येऊन पडल्या. त्यांच्या बाजूला सेंट्रिंगच्या पत्र्यांची थप्पी.

बारव आमच्या मालकांच्या रानात आहे. मालक म्हणजे गावातले सगळ्यात मोठे जमीनदार. पंचायत, सोसायटी, सगळं त्यांच्याच बैठकीतून चालतं. त्यांची कालवड बारवेत पडली होती. दोर लावून काढली, वाचली, पण मालकांनी ठरवलं: दसऱ्याच्या मुहूर्तावर बारवेवर स्लॅब. मेहुणीची झोप उडाली. शिकायला होती तेव्हापासून ती या बारवेवर येते. स्लॅब पडला की आत असतील ती आत मरणार, बाहेर असतील ती बेघर होणार, आणि एवढी मोठी वस्ती तिच्या माहितीत आसपास दुसरी नाही. ती मालकांकडं गेली. स्लॅबऐवजी उंच कठडा बांधा, पायऱ्यांच्या बाजूला फाटक लावा, असं तिनं कागदावर चित्र काढून दाखवलं. मालकांनी चहा पाजला. म्हणाले, "म्याडम, तुमचं समदं खरं हाय. पण आज कालवड पडली, उद्या माणूस पडलं तर वाघळं येणार हायेत का काढायला?" आणि मग, "बघू." आमच्या भागात मालकांचं 'बघू' म्हणजे नाही.

मी तिला विचारलं की मालकांनी वाघळं बाहेर पडताना कधी पाहिलीत का. तिनं सांगितलं, नाही. आजोबांच्या काळापासून बारव त्यांची, पण दिवेलागणीला मालक बैठकीत असतात, भोवती माणसं असतात. त्यांना तिथवर आणायचं कसं?

इथं माझं डोकं चाललं. माणूस कशाला येतो, हे मंडपवाल्याइतकं कुणाला ठाऊक असतं? मी मालकांकडं गेलो आणि म्हणालो, आपल्या बारवेवर कार्यक्रम आहे, प्रमुख पाहुणे आपणच. मालकांनी लगेच होकार दिला. मेहुणीला कळलं तेव्हा ती कपाळाला हात लावून बसली. म्हणाली की यात कार्यक्रम करण्यासारखं काही नाही, तुम्ही त्याचा कार्यक्रम करून टाकाल. मी म्हटलं, तू वाघळं सांभाळ, माणसं माझ्याकडं लागली.

मी तिथं पोचलो तेव्हा मालकांचे कार्यकर्ते माझ्याआधी पोचले होते. बारवेच्या तोंडावर बॅनर. त्यावर मालक कमरेपर्यंत, हात जोडलेले, आणि कोपऱ्यात मोबाइलवरून उचललेलं कुठल्या परदेशातलं सुळेवालं वाघूळ. खाली 'भव्य वटवाघूळ दर्शन सोहळा'. लग्नातला लाल मखमली सोफा. शाल, नारळ, फटाक्यांची माळ. आणि बारवेवरच्या पाण्याच्या मोटारीच्या पेटीतून वायर ओढून बारवेवर रोखलेला हॅलोजन. तो हॅलोजन माझाच होता, माझ्याच गोडाऊनमधून माझ्याच माणसानं दिलेला. स्लॅबचा मिस्त्रीही आला होता. मालक येतच आहेत तर मापं पक्की करून घ्यावीत, असा त्याचा साधा विचार.

सूर्य बुडाला. मालक आले नाहीत. आमच्याकडं प्रमुख पाहुणे उशिरा येतात, त्याचं कुणाला काही वाटत नाही. कार्यक्रम थांबतो. पण त्या दिवशी वाघळंही आली नाहीत. कड्याचे शिक्षक घड्याळ बघायला लागले. मेहुणीनं खाली वाकून पाहिलं आणि मला बाजूला ओढलं. पायऱ्यांच्या अंधारात सगळी जागी झाली होती, लोंबकळत हलत होती, पुढं यायची, उजेडाच्या कडेला येऊन परत फिरायची. हॅलोजननं त्यांची वाट अडवून धरली होती.

माझ्या मनात काय आलं ते सांगतो. मला वाटलं, देव पावला. दिवा राहू दे. मालक आले की विझवू, सगळी एकदम सुटतील, असा देखावा होईल की बस. मी तिला म्हटलं, "अजून थोडा वेळ."

"उपाशी हायेत दाजी."

"मालकांनी पाहिलं न्हाई तर दसऱ्याला झाकण पडतंय."

"पडू द्या. उपाशी कोंडून मला त्यांना वाचवायचं न्हाई." आणि ती सरळ चालत गेली, मोटारीची पेटी उघडली आणि फ्यूज उपसला.

अंधार झाला. कार्यकर्ते ओरडायला लागले. तेवढ्यात पहिलं वाघूळ निघालं, त्याच्यामागं दुसरं, आणि थांबून राहिलेला तो सगळा लोंढा सुटला. ओरडणारे आपोआप गप्प झाले. मी आनंदानं वर बघत होतो आणि मधूनमधून रस्त्याकडंही बघत होतो, कारण प्रत्येक वाघूळ मालकांशिवाय निघून चाललं होतं. मेहुणी यंत्र छातीशी धरून उभी होती. तिचा चेहरा दिसत नव्हता.

आणि रस्त्यावर गाडीचे दिवे दिसले.

मालकांची गाडी रानात वळली, दिव्यांचा झोत कापसाच्या पऱ्हाटीवरून फिरत बारवेकडं यायला लागला. मेहुणी धावली आणि गाडीपुढं आडवी झाली. तिनं हातानं खूण केली, दिवे बंद. या तालुक्यात मालकांच्या गाडीला असं कुणी सांगितल्याचं मला आठवत नाही. क्षणभर काही झालं नाही. मग दिवे विझले. दार उघडलं. एक कार्यकर्ता घोषणेसाठी छाती भरून घेत होता, त्याच्या तोंडावर मी माझा हात ठेवला.

मालक अंधारात चाचपडत आले. सोफा कुठं आहे ते कुणालाच दिसेना, तेव्हा ते पायरीवर बसले, पांढऱ्या कपड्यांसकट. पहिलं वाघूळ कानाजवळून गेलं तसे ते टोपी धरून वाकले. दुसऱ्या वेळी वाकले, पण कमी. मग त्यांनी टोपी काढून गुडघ्यावर ठेवली आणि मान वर केली.

मेहुणीनं शेजारी बसून यंत्र त्यांच्या हातात दिलं आणि कुजबुजत सांगायला लागली. टर्रर्र म्हणजे काय, समोरच्या पऱ्हाटीवर आत्ता काय उडतंय, बोंडअळीचं पाखरू कसं रात्रीच अंडी घालतं. मालकांच्या कापसाला बोंडअळीनं दरसाल छळलंय, हे सगळ्या गावाला माहीत आहे. मालक यंत्र कानाला लावून बसले, मोबाइल धरावा तसं. बराच वेळ बसले. दर टर्रर्रला त्यांचं एक बोट हलत होतं. एकदा त्यांनी हळूच विचारलं, "ह्ये रोजच?" मेहुणी म्हणाली, "रोज." "अन् मी कुठं असतो?"

लोंढा विरळ झाला. शेवटची दोन-चार, मग एकटंदुकटं, मग नुसतं चांदणं. कुणी हललं नाही. फटाक्यांची माळ धरलेला कार्यकर्ता ती पाठीमागं लपवून उभा होता. शाल माझ्या काखेत होती, ती द्यायची असते हे मी विसरलो होतो. फक्त मिस्त्रीला त्याच्या कामाची चिंता. त्यानं घसा साफ केला आणि अदबीनं विचारलं, आता बारव मोकळीच झाली आहे, तर सकाळी लवकर येऊन सळया बांधायला घेऊ का.

मालक पायरीवरून ताडकन उठले.

"सळया कशाच्या बांधतो बे, पहाटं ही समदी घरात शिरणार कुठून?"