चौदा नंबरच्या डब्याची दोन ब्रॅकेटं

दुरी कादोनाऊ हा सत्तरी उलटलेला सुतार. त्याचा बाप आमच्या डोंगरातल्या छोट्या रेल्वेच्या कारखान्यात डब्यांचं लाकूडकाम करायचा, पुढे दुरीनेही तेच केलं. आता तो जुने डबे जपणाऱ्या मंडळाच्या शेडमध्ये रोज जातो. बापाच्या जुन्या वहीवर त्याचा बायबलइतका विश्वास.

त्या वसंतात तिसऱ्या वर्गाचा चौदा नंबरचा डबा पुन्हा रुळावर यायचा होता. दुरीने सामानाची यादी वहीवरून उतरवली. सामान ठेवायच्या फळीखाली पितळी ब्रॅकेटं आठ. डागडुजीला हात घातला, तर निघाली सहा.

शेडच्या किल्ल्या तिघांकडे. एक दुरीकडे, एक अध्यक्ष प्लासीकडे आणि एक मेंगियाकडे. मेंगिया ही बाकांच्या गाद्या शिवणारी विधवा, दुरीच्याच शाळेतली. तिचा भाचा कूर शहरात जुन्या वस्तू विकतो. झालं! संशयाच्या बीला पाणी घालावं लागत नाही. मेंगियाची पिशवी दुरीला जड दिसू लागली. ती लवकर आली तरी संशय, उशिरा गेली तरी संशय. रविवारी तिने चर्चमध्ये शांतपणे कम्युनियनचा प्रसाद घेतला, तर दुरी मनात म्हणाला, चोरी करून प्रसाद घेते, बाई धीट आहे!

"मेंगिया, पिशवीत एवढं असतं तरी काय?"

"लोकर, पाव आणि जपमाळ. तुला यातलं काय हवंय?"

"भाचा बरा आहे ना? धंदा जोरात?"

तिची सुई थांबली. "पोटात आहे ते ओठावर आण, दुरी."

त्याने आणलं नाही. शुक्रवारी प्लासीच्या हातात चिठ्ठी दिली, की ब्रॅकेटं मेंगियाने नेली, तिच्याकडून किल्ली काढून घ्यावी. बैठक शनिवारी दुपारी.

शनिवारी सकाळी तो शेडमधल्या जुन्या सामानाच्या डब्यात शिरला. मेंगिया नेहमीसारखी तिथेच शिवत बसली होती. तिथल्या फळीवरून लोंबणारं कापड त्याने बाजूला सारलं. फळीखाली दोन पितळी ब्रॅकेटं पक्की बसवलेली, दोन्हींवर चौदाचा ठसा.

"सापडली! आता बोल!"

"मी आले तेव्हापासून आहेत ती तिथे. आणि तुझ्या चौदात जाऊन बघ. स्क्रूची भोकं लाकडी खुंट्यांनी बुजवलीत, वर जुनं व्हार्निश. चोर एवढा नेटका असतो होय रे?"

पुरावा हवा म्हणून दुरीने स्क्रू काढून एक ब्रॅकेट सोडवलं. खालच्या फिकट लाकडावर सुताराची पेन्सिल होती: 'बर्फाने वाट बंद, नवी आली नाहीत. चौदाची दोन इथे लावली. सोमवारी परत नेणे. १९५१.' अक्षर बापाचं. कारखान्यातले सुतार असंच झाकल्या जागी लिहून ठेवत; दुरीनेही कितीदा लिहिलं होतं. तो सोमवार काही उजाडला नव्हता, पुढे कुणीतरी चौदातली भोकंही बुजवून टाकली होती. आणि यादी करताना दुरीने मोजलंच नव्हतं. बापाने आठ लिहिली, म्हणजे आठ!

दुपारी चौदाच्याच बाकांवर मंडळ बसलं. दुरी उभा राहिला.

"चिठ्ठी खोटी आहे. ब्रॅकेटं नेली माझ्या बापाने, आणि आंधळा मी."

सगळे हसले. मेंगिया हसली नाही. शेजाऱ्याविरुद्ध खोटी साक्ष देऊ नकोस, ही बायबलमधली आज्ञा दोघांनी शाळेत एकाच बाकावर पाठ केली होती.

बैठक उठल्यावर तिने किल्ली ॲप्रनच्या खिशात टाकली आणि त्याच्यापुढे पेन्सिल धरली.

"ब्रॅकेट परत बसवण्याआधी खाली लिही."

"काय लिहू?"

"दुरीने मोजलं नाही."

त्याने लिहिलं, तारीख घातली, स्क्रू आवळले.

तेव्हापासून रोज घरी निघताना ती त्याच्यासमोर पिशवी उघडते. "बघ," म्हणते. आणि दुरीला खाली वाकून बघावं लागतं. लोकर, पाव, जपमाळ.