कुर्लेमास्तरांचा शब्द

कुर्लेमास्तरांच्या ताटात कुर्ली, म्हणजे आमच्याकडची खेकडी, पडली की ते आधी तिचं कवच वाटीतल्या पाण्यात धुऊन घेत आणि चष्मा कपाळावर सरकवून त्याच्या कडा न्याहाळत बसत. रस्सा निवून जाई. यजमानीण बिचारी दाराआडून विचारी, "मीठ चड जालें काय?"

पेडण्याच्या शाळेत ते विज्ञान शिकवत, मी मराठी. गोवा राज्य होण्याचे दिवस होते. कोकणी की मराठी यावरून शिक्षकांच्या खोलीत रोज जुंपायची. मास्तर मध्येच म्हणत, "खेकड्याचं नाव लॅटिनात ठेवतात. दोघांनाही कळणार नाही, भांडण मिटलं!" मग दोन्ही पक्ष एक होऊन त्यांच्यावर तुटून पडत.

निवृत्तीआधी एक तरी नवी जात आपल्या हातून सापडावी, हा त्यांचा ध्यास. नमुना पाठवला की कलकत्त्याचे प्राणितज्ज्ञ दरवेळी कळवत, ही जुनीच. एका आषाढात इब्रामपूरच्या सावित्रीने, एका विद्यार्थ्याच्या आईने, डबा पाठवला आणि रश्शात कधी न पाहिलेल्या घडणीचं कवच निघालं! मास्तर उष्ट्या हातानेच बस पकडायला धावले.

सावित्रीला जागा ठाऊक नव्हती. तिचा नवरा भिवा म्हणाला, "कुर्ल्यांची जागा हांवें बायलेक सांगूंक ना, तुमकां कशी सांगू?" खरंच आहे. आमच्याकडे माणूस एक वेळ जमिनीचे कागद दाखवील, कुर्ल्यांची बिळं बायकोलाही नाही.

शेवटी मास्तरांनी जागा कुणालाही न सांगण्याचा शब्द दिला. तरी भिवाने डोळ्यांना पंचा बांधूनच त्यांना नेलं. वाटेत मास्तर सुरू: "तिरफळाचो वास आयलो. म्हणजे दावेकडेन व्हाळ!" डावीकडचा ओहोळही ओळखलेला पाहून भिवाने घाबरून त्यांचे कानही बांधले. नाक मात्र बांधता येईना.

कुर्ली नवीच ठरली. कलकत्त्याहून पत्र आलं, नेमकं ठिकाण कळवा, त्याशिवाय छापता येत नाही. मास्तरांना वाटेचं वळण न् वळण पाठ होतं, पण त्यांनी कळवलं नाही. मी भांडलो. "शब्द दिलाय रे," एवढंच म्हणाले. कुर्लीची बरणी शाळेच्या कपाटातच राहिली, ते निवृत्त झाले आणि दोन वर्षांनी गेले. मला त्यांचा फार राग यायचा, आणि मायाही तेवढीच वाटायची.

बाराव्याला भिवा येऊन माझ्याशेजारी बसला. "सर, कागद काडात. जागा सांगतां. पूण नांव मास्तराचें जाय." त्याने ओहोळ, खडक, झाड, सगळं सांगितलं. मी रडत रडत लिहून घेतलं. ते कलकत्त्याला कळवलं, आणि आज त्या कुर्लीला मास्तरांचं नाव आहे.

त्या दिवशी उठताना भिवाने माझा हात धरला.

"सर, बायलेक मात सांगूं नाकात."