कंदिल्याचा सहावा दगड

आमच्या घरातली विहीर आजोबांनी खणली, गोठा वडिलांनी बांधला आणि काकांनी एक किडा बनवला. तोही नुसता तोंडाने.

महाराष्ट्र नुकताच झाला होता. संग्रामपूरकडच्या आमच्या गावात विजेचे खांब येऊन उभे होते, तारा यायच्या होत्या. काका म्हणत, घाई कोणाला आहे, आपल्याकडे कंदिल्या आहे. तुरीच्या दाण्याएवढा किडा, पोटात निळा उजेड. उन्हाळ्यात काळ्या जमिनीला भेगा पडतात, त्या त्याच्या राज्याच्या वेशी. खाली एक आंधळं गांडूळ राज्य करतं आणि कंदिल्या त्याचा कोतवाल. दिवेलागणीला तो वर येतो, कपाशीच्या एकेका बोंडात शिरतो, स्वतःच्याच उजेडात कापूस पिकला का ते बघतो आणि आतून पाठ लावून बोंड उघडतो. मान दिला नाही तर रुसतो. मग बोंड अर्धवट फुटतं आणि कापूस पिवळा निघतो. आणि बोंडातली अळी? ती त्याच्या सासुरवाडीची. येते, खाते, जायचं नाव घेत नाही.

कापूस वेचणाऱ्या बायांवर लक्ष ठेवणं हे काकांचं काम. प्रत्यक्षात बायाच काकांवर लक्ष ठेवून असत, पुढे काय झालं म्हणून. मला काका फार आवडायचे. मुलीच्या बापांना मात्र आवडत नसत. आधीच्या दोन सोयरिकी या किड्यानेच मोडल्या होत्या. एका ठिकाणी तर काकांनी होणाऱ्या सासऱ्याला सांगितलं होतं, तुमच्या विहिरीखाली आमच्या कंदिल्याची आत्या राहते.

तिसरं स्थळ हिवरा आश्रमाकडचं होतं. काकांनी त्या मुलीला एकदा शेगावला दर्शनाच्या रांगेत पाहिलं होतं. घरी येऊन ते माझ्या आईला म्हणाले, "वहिनी, हे ठिकान मोडू देऊ नका." त्यांना इतक्या कमी शब्दांत बोलताना आम्ही कधीच ऐकलं नव्हतं.

मुलीचे वडील मोठे शेतकरी, मोजकं बोलणारे. त्यांना आधी शेत पाहायचं होतं, आणि ते आले नेमके सीतादहीच्या दिवशी. आमच्याकडे कापसाची पहिली वेचणी अशीच सुरू होते. झाडाखाली पाच पांडवांचे पाच दगड मांडायचे, हळदकुंकू लावायचं, दहीभात ठेवायचा, झाडावर दही शिंपडायचं आणि मगच कापसाला हात लावायचा.

सकाळीच वडिलांनी काकांना गोठ्यात गाठलं. "पाहुने येऊन राह्यले. आज नुसतं हाव आन् नाही म्हन. किड्याचं नाव काढलं त याद राख बे."

"हाव," काका म्हणाले. लगेच सरावाला लागले होते.

शेतात ते खरोखर गप्प उभे राहिले. दहीभाताचं गाडगं मी डोक्यावरून आणलं होतं. वेचणाऱ्या बायांतली सगळ्यांत वडीलधारी म्हातारी पूजेला बसली. ही बाई हसलेली कोणी पाहिली नव्हती. तिने पाच दगड मांडले, आणि ओटीतून सहावा काढून जरा बाजूला ठेवला.

"पांडव त पाच," पाहुणे म्हणाले. "हा सहावा कोनाचा?"

"कंदिल्याचा. मांगच्या साली त्याले इसरलो, त लय कापूस पिवळा निंघाला."

वडील धुऱ्याकडे, शेताच्या बांधाकडे बघू लागले. पाहुणे काकांकडे वळले. "तुमी पाह्यला हा कंदिल्या?"

हो म्हणावं तर काका वेडे ठरणार. नाही म्हणावं तर म्हातारी हात जोडून बसलेली.

"पाह्यला नाही जी," काका म्हणाले. "मीच बनवला त्याले. पन मावशीनं त्याच्यापुढं दही ठेवलं. आता तो माह्या हातचा राह्यला नाही."

"भाऊले काय मालूम," म्हातारी वर न बघता म्हणाली. "दिसला असन, इसरला असन."

पाहुणे जेवले आणि सोयरिकीचं न काढताच गेले. वडिलांनी काकांशी बोलणं सोडलं. काका स्वतः कंबरेला ओटी बांधून कापूस वेचायला लागले. बाया विचारत, भाऊ, पुढं काय झालं? ते मान हलवत. आमच्या घरात तेवढे दिवस खरा अंधार होता.

मग एके दिवशी पाहुणे पुन्हा आले. ओसरीवर बसले, पाणी प्यायले आणि वडिलांना म्हणाले, "त्या किड्याचं घरी सांगतलं. पोरगी इचारते, दिवसा कुठी झोपते तो? मले काही सांगता आलं नाही. म्हनलं, जाऊन नवऱ्यालेच इचार."

आईने आतूनच साखरेचा डबा काढला.

लग्न होऊन काकू घरात आल्या आणि त्यांनी सगळ्यांसमोर विचारलंच, "सांगा, दिवसा कुठी झोपते?" गावभर गप्पा हाकणाऱ्या माणसाला एवढं एक उत्तर सुचू नये! आम्ही पोट धरधरून हसलो. काकू म्हणाल्या, "राहू द्या. मीच पाह्यतो."

पुढच्या सीतादहीला म्हातारीने पाच मांडले, सहावा मांडला. काकूंनी पदराआडून एक दगड काढून सहाव्याला अगदी चिकटवून ठेवला.

"हा कोनाचा वं?" म्हातारीने विचारलं.

"त्याच्या बायकोचा. एकटा किती बोंडं उघडन तो?"

म्हातारी पहिल्यांदाच हसली आणि दहीभात आधी सातव्या दगडापुढे ठेवला.