भिंडहून आलेली मराठी

सकाळचा चहा गाळत होते, तेवढ्यात ग्वाल्हेरहून माझ्या भाच्याचा, मंदारचा, फोन आला. "आत्या, आई नहीं रहीं," एवढंच तो म्हणाला. मी मराठीत विचारत राहिले, तो हिंदीत सांगत राहिला. फोन ठेवल्यावर मनात आलं, आमच्या घरातली मराठी जिने जपली, तिच्या जाण्याची बातमी हिंदीत आली... आणि अशा वेळी हे सुचावं याचंच वाईट वाटलं.

उर्मिलावहिनी मूळची भिंडची. माझ्या दादाबरोबर मुरारच्या एका शाळेत शिकवायची, तिथेच दोघांचं जमलं. आमचं घर लष्कर भागात, पाटणकर बाजाराच्या मागच्या गल्लीत. पिढ्यांपूर्वी फौजेबरोबर दक्षिणेतून आलेली आम्ही माणसं. घरात मराठी, उंबऱ्याबाहेर हिंदी, हे ठरलेलं. आईला हिंदी बोलणारी सून मनातून नको होती. तिने विरोध केला नाही; फक्त सुनेशी मराठीखेरीज एक शब्द बोलायचा नाही, असं ठरवलं. कंटाळून वेगळी राहील, असं तिला वाटलं असावं. वहिनी मात्र भाजी निवडत तिच्याशेजारी बसायची आणि ऐकलेला शब्द पुटपुटून बघायची. पुढच्या दिवाळीला मी माहेरी गेले, तर दोघी चकल्या तळता तळता समोरच्या काकूंची मराठीत यथेच्छ निंदा करत होत्या. आईचा राग तिथेच कुठेतरी विरला असणार.

तिची मराठी अर्थात आमची होती, ग्वाल्हेरची, हिंदी वळणाची. "मला तुमच्याशी एक विचारायचं आहे" अशी. माझ्या मुलीच्या लग्नाला ती पुण्याला आली, तेव्हा माझ्या जाऊबाई अगदी आपुलकीने म्हणाल्या, "तुम्ही हिंदीतच बोला हो, आम्हाला कळतं." आजूबाजूच्या दोघीतिघी हसल्या. वहिनीने हातातली अक्षतांची वाटी खाली ठेवली. "सासूबाईंनी हीच शिकवली," ती म्हणाली. "माझ्याजवळ दुसरी मराठी नाही." मग मानपानापासून विहिणींच्या थट्टेपर्यंत दिवसभर ती तशीच बोलत राहिली, जराही आवाज न उतरवता.

पुढे आई गेली, मग दादाही. घरात मराठी बोलणारी ती एकटीच उरली. मंदारला सगळं समजायचं, पण उत्तर हिंदीत यायचं. त्याची बायको कानपूरची. तिच्यावर वहिनीने आईसारखी सक्ती कधी केली नाही. अशातच एका वर्षी गल्लीतल्या गणपतीच्या बैठकीत ठरायला आलं, की मुलांना मराठी जमत नाही, तर त्यांचं नाटक यंदापासून हिंदीत बसवावं. बसलेल्या बहुतेकांची आडनावं मराठी होती. वहिनीने भाषण केलं नाही. मुलं शनिवारी माझ्याकडे पाठवा, नाहीच जमलं तर करा हिंदीत, एवढंच म्हणाली. कुणीतरी हसून म्हणालं, काकू, तुम्ही तर स्वतःच हिंदीवाल्या.

"म्हणून तर सांगते," वहिनी म्हणाली. "मी शिकली, तर तुमची मुलं का नाही शिकणार?"

तेव्हापासून घराच्या पुढच्या खोलीत शनिवारी चटई पडू लागली. पोहे हवे असतील तर मराठीत मागायचे, भांडायचं तर मराठीत भांडायचं, एवढाच नियम. नाटकात मुलं वाक्यं विसरली, मध्येच हिंदीत घसरली, पण नाटक मराठीत संपलं. गणपती उठले तरी शनिवार चालूच राहिले.

मी तिला एकदा विचारलं, तुझ्या भिंडकडच्या बोलीत तू आता कुणाशी बोलतेस? पोळी लाटता लाटता ती थांबली.

"माझी आई होती तोवर तिच्याशी बोलायची. शाळेत त्या बोलीला गावंढळ म्हणायचे, म्हणून मंदारशी कधी बोलली नाही... एक अशी गेली. दुसरी माझ्यासमोर जाऊ नाही देणार."

दिवसांना मी ग्वाल्हेरला गेले, तेव्हा मंदारने शेवटच्या आजारातलं सांगितलं. ग्लानीत ती मराठी बोलेना, हिंदीही बोलेना. भिंडची बोली बोलू लागली. अर्धं त्याला कळायचं, अर्धं नाही. शेवटी त्याने मामांना फोन लावला आणि तिच्या कानाशी धरला. मामा त्या बोलीत बोलत राहिले, शेताचं, विहिरीचं, लहानपणीच्या कुणा म्हशीचं... आणि ती डोळे मिटून हसली. मंदार हे हिंदीतच सांगत होता. "आत्या, मैंने कभी पूछा ही नहीं," तो म्हणाला. एखादी भाषा जपताना दुसरी हातातून सुटते, याचा दोष कुणाला द्यायचा, ते मला अजून उमगलेलं नाही.

मी निघायच्या आदल्या दिवशी शनिवार होता. मुलं येतील असं कुणाला वाटलं नव्हतं. ती आली. बाहेर चपला काढल्या, कोपऱ्यातली चटई स्वतःच ओढून पसरली. मग बसायच्या जागेवरून त्यांचं जुंपलं, मराठीत. मंदारच्या बायकोने पोह्यांसाठी कांदा चिरायला घेतल्याचा आवाज आतून येत होता. खोलीत उकडत होतं. भिंतीशी बसलेली एक मुलगी माझ्याकडे वळून म्हणाली, "आजी, जरा पंखा चालवा ना."

पुण्यात पंखा लावतात. मी उठले आणि चालवला.