सगळ्यांत कमी आकडा

नंदा कुठल्याही हॉटेलात शिरली, की खुर्चीला हात लावायच्या आधी गल्ल्यावरच्या माणसाला विचारायची, "भाऊ, मिसळ केवढ्याले?" तेही इतक्या मोठ्याने, की आजूबाजूचे जेवता जेवता मान वर करायचे. भाव पटला तर बसायची, नाही तर "चाल वं" म्हणत माझा हात धरून बाहेर. बुलढाण्याला आम्ही दोघी चार वर्षं एका भाड्याच्या खोलीत राहिलो. त्या एका प्रश्नापायी मी किती वेळा लाजून खाली बघितलं असेल, देव जाणे.

ती धामणगाव बढेची. एका खासगी दवाखान्यात नर्स होती आणि चालणं, बोलणं, जेवणं सगळं ड्यूटी सुरू असल्यासारखं भरभर करायची. मी कॉलेजच्या ऑफिसात क्लार्क. मला कुणाला नाही म्हणता येत नसे. नंदाला ते बघवायचं नाही. "तुले नाही म्हनाले काय फी लागते काय?" असं ती विचारायची.

माझं लग्न सागरशी ठरलं. तो देऊळगाव राजाचा, नोकरी पुण्यात. लग्नाआधी त्याचे मित्र आणि माझ्या मैत्रिणी अशा सगळ्यांनी मिळून शनिवार-रविवार कुठेतरी जायचं, अशी कल्पना त्याच्या रोहित नावाच्या मित्राने काढली. व्हॉट्सअॅपवर तेरा जणांचा ग्रुप झाला. रोहितने लोणावळ्याजवळच्या एका रिसॉर्टचे फोटो टाकले. पोहण्याचा तलाव, सगळ्यांना एकसारखे टी-शर्ट, रात्री गाणी. माणशी अकरा हजार, प्रवास वेगळा. पाच मिनिटांत होकाराच्या अंगठ्यांची रांग लागली. सागरचा अंगठा आला, म्हणून मीही दिला. माझा तेव्हाचा पगार अठरा हजार होता.

मग नंदाचा आवाज आला. टाइप करायचा तिला कंटाळा, ती बोलूनच पाठवायची. "मी नंदा. माझ्याजवळ तीन हजार आहेत. त्यात जिथं जाता येते तिथं मी येतो. नाही जमत असंल त तुम्ही जा, मी लग्नात येतो."

आमच्याकडच्या बायका 'मी येतो' असंच म्हणतात. पुण्याच्या कुणीतरी हसून रडणारी चार तोंडं टाकली. कशावर हसले, तिच्या बोलण्यावर की तीन हजारांवर, ते कळलं नाही. माझे कान मात्र तापले. ऑफिसातूनच मी तिला फोन लावला.

"नंदा, तुझे पैसे मी भरते. पण ग्रुपवर असं नको ना बोलू. सागरकडची माणसं आहेत त्यात."

"तू भरशीन? मंग मी तुयी मैत्रीण म्हनून येऊ, का तुया खर्चानं आनलेली बाई म्हनून येऊ?"

तिने फोन ठेवला आणि दहा मिनिटांत ग्रुपवर दुसरा निरोप टाकला. प्रत्येकाने तिला एकटीला एक आकडा कळवायचा. घरी खोटं न बोलता आणि कुणाकडून उसने न घेता जेवढे देता येतील तेवढाच. "जो आकडा सगळ्यात कमी, तेवढ्यात सगळे जाऊ. कोनाचा आहे ते मी सांगनार नाही."

दुसऱ्या दिवशी दुपारी आकडा आला. दोन हजार, प्रवासासकट.

रोहितने लिहिलं, "दोन हजारात काय, चहा प्यायचा?" दोघं जण ग्रुपमधून बाहेर पडले. मी घाबरून सागरला फोन केला. वाटलं, तो नंदाला आवरायला सांगेल, निदान चिडेल तरी. तो एवढंच म्हणाला, "नंदाताई म्हणतात तसं करू," आणि काम आहे म्हणून फोन बंद केला. तो रागावलाय, या समजुतीने मी त्या दुपारी तीनदा तोंड धुऊन आले. लग्नाला एक महिना होता आणि माझ्या मैत्रिणीने त्याच्या मित्रांत त्याची मान खाली घातली, एवढंच मला दिसत होतं. नंदाशी मी चार दिवस धड बोलले नाही. तिला फरक पडला नाही, ती फोनवर गाडीचं डिझेल, तांदूळ, गाद्या विचारत खोलीभर फिरत होती.

लोणारजवळ तिच्या मावसभावाचं शेत होतं, त्यात दोन पक्क्या खोल्या. तिथेच जायचं ठरलं. पुण्याची मंडळी एका भाड्याच्या जीपमधून आली, आम्ही बसने गेलो. पोचल्या पोचल्या वीज गेली. मी प्रत्येकाच्या तोंडाकडे बघत होते. रोहितला उकडतंय का, पाणी पुरेल का, कुणी काही बोललं का. नंदा चुलीवर वांगी भाजत होती. तिथूनच ओरडली, "तू नवरी आहेस का लॉजची मालकीन? बस न वं खाली!"

बसले, पण जीव खाली बसला नाही. भरीत-भाकरी झाली, संध्याकाळी सगळे सरोवराच्या काठाने हिंडलो, प्राजक्ता नावाच्या पुण्याच्या मुलीने नंदाकडून ठेचा वाटायला शिकून घेतला. रोहित शेवटपर्यंत तोंडातल्या तोंडात पुटपुटत राहिला. परत निघताना जीप वळली, तेव्हा मला सुटल्यासारखं झालं. ते दोन दिवस चांगले गेले, हे मला नंतर फोटो बघून कळलं.

लग्न झालं. मी नोकरीसाठी बुलढाण्यातच राहिले, सागर महिन्यातून दोनदा यायचा. चार महिन्यांनी नंदाला सुरतेला जास्त पगाराची नोकरी मिळाली. तिला गाडीत बसवून द्यायला आम्ही दोघं मलकापूर स्टेशनला गेलो. गाडी यायच्या जरा आधी सागर एकदम तिच्यासमोर उभा राहिला.

"नंदाताई, तुमचे आभार मानायचे राहिलेत. तो दोन हजारांचा..."

"पान्याची बाटली आनली काय?" नंदाने त्याला मध्येच तोडलं.

"आणली. पण मला बोलू द्या. हिला अजून सांगितलं नाही मी. तो आकडा माझा होता."

मी सागरकडे बघितलं, मग नंदाकडे. "तुला माहीत होतं?"

"मलेच पाठवला होता ना त्यानं. मले नाही माहीत राहीन त कोनाले?"

"मग मला का नाही सांगितलंस? मी चार दिवस तुझ्याशी धड बोलत नव्हते तेव्हा तरी!"

"काऊन सांगू? तुले सांगितलं असतं, त तू लग्नाआधीच त्याच्याकडं कीव करून पाह्यलं असतं. आन् ते सांगाचं काम त्याचं होतं, माह्यं नाही."

गाडी आली. दोन बॅगा, एक पिशवी, गर्दीतली ढकलाढकल. दारातून तिने माझा दंड घट्ट दाबला, काहीतरी म्हणाली, ते गोंगाटात ऐकू आलं नाही. गाडी हलली. मैत्रीण म्हणून तिची जागा भरायला पुढे कुणी आलं नाही, आणि मीही शोधलं नाही.

परतीच्या बसमध्ये मोताळा गाव मागे पडलं. घाट लागला तेव्हा मी विचारलं, "तू अंगठा का दिला होतास मग?"

"सगळ्यांनी दिला होता." तो खिडकीबाहेर बघत राहिला. "जानेवारीपासून पगार निम्माच येतोय. घरी माहीत नाही कुणाला. तुलाही सांगणार होतो..."

"आत्ता सांग. सगळं सांग."

त्याने सांगायला सुरुवात केली. कंपनीचं, खोलीच्या भाड्याचं, लग्नासाठी मित्राकडून घेतलेल्या पैशांचं. बुलढाणा आलं तरी त्याचं संपलं नव्हतं. आम्ही उतरलो आणि घरी न जाता स्टँडवरच्या बाकावर बसलो.